रंगपंचमीने बंद केलेला डोंगर

आमच्या स्वयंपाकघरात सांगलीहून मामाने पाठवलेलं कॅलेंडर असायचं, पण त्याचा आणि खिडकीबाहेरच्या हवेचा काही संबंध नसे. जूनच्या पानावर छत्रीखाली हसणारी मुलं असत आणि जयपुरात त्या वेळी नळाला हात लावला की चटका बसे. त्यामुळे ऋतू कुठला चालू आहे हे आम्ही डोंगरातल्या गावाहून येणाऱ्या धापूबाईच्या डोक्यावरचं गाठोडं बघून ठरवायचो. गाठोड्यातून बोरं निघाली की थंडी आली. पळसाची फुलं निघाली की होळी तोंडावर. डिंक निघाला की उन्हाळा अगदी मुरला. पावसाळ्यात ती यायचीच नाही, कारण त्या दिवसांत डोंगरात गवत एवढं माजायचं की तिच्या शेळ्या आणि ती, दोघींनाही खाली उतरायला सवड नसे. मग दसऱ्याच्या सुमाराला ती एकदम उगवायची, गवताच्या केरसुण्या घेऊन, आणि दारातूनच ओरडायची, "बहनजी, जीवै छै क?" म्हणजे जिवंत आहात ना? आई आतून ओरडायची, "जिंदा है, जिंदा है, आजाव!"

आईचं हिंदी हा आमच्या घरातला कायमचा करमणुकीचा कार्यक्रम होता. लग्न होऊन ती सांगलीहून थेट जयपूरच्या राजा पार्कात आली आणि वीस वर्षं तिथल्या भाजीवाल्यांशी, दूधवाल्याशी, घरमालकिणीशी सांगलीच्याच मराठीत बोलली; फक्त प्रत्येक वाक्याच्या शेवटी 'है' लावत राहिली. "ये गवार जून हो गया है, कवळा दो ना भैया," असं ती म्हणायची आणि भैया निमूटपणे कोवळी गवार काढून द्यायचा. माझं उलटं होतं. माझं हिंदी पक्कं आणि मराठी लंगडं. शाळेतून आले की मी म्हणायचे, "आई, आज ना टीचरजींनी मला डाँटलं, मतलब काहीच केलं नव्हतं तरी." आई कपाळाला हात लावायची. आता हे सगळं मी मराठीत लिहिते आहे हे तिने पाहिलं असतं, तर आधी शुद्धलेखन तपासलं असतं आणि मग रडली असती.

अण्णा, म्हणजे माझे वडील, वाईचे. जयपूरच्या एका कॉलेजात वनस्पतिशास्त्र शिकवायचे. धापूबाई आमच्या घरात आली ती त्यांच्यामुळेच. आमेरच्या पलीकडच्या डोंगरात झाडपाला गोळा करायला गेले असताना ते वाट चुकले, आणि शेळ्यांमागे फिरणाऱ्या एका बाईने त्यांना हाताला धरून, हे अगदी शब्दशः, खाली उतरवलं. उतरताना त्यांनी प्रत्येक झाडाचं नाव विचारलं. तो सगळा डोंगर एकाच झाडाने भरलेला होता, त्याला तिथे धोक म्हणतात. वाकडं, गाठाळ, फांद्या खाली झुकलेल्या. धापूबाईने त्याच्या खोडावरचा एक पिवळसर खडा नखाने उचकटून अण्णांच्या हातावर ठेवला. अण्णांनी तो तोंडात टाकला आणि म्हणाले, "अरे, हा तर आपल्या धावड्याचा भाऊ!" घरी आल्यावर आईला त्या शास्त्रात रस नव्हता. तिने खडा तुपात तळला. तो लाहीसारखा फुलला. बाजारचा डिंक कधी नीट फुलत नाही, दाताला चिकटतो, ही तिची जुनी तक्रार होती. तिने अण्णांना विचारलं, "त्या बाई राहतात कुठं?" तेव्हापासून थंडीतले आमचे डिंकाचे लाडू त्या डोंगरावर अवलंबून राहिले, आणि आई न् धापूबाई एकमेकींवर.

हा डिंक कसा निघतो हे मी लालीकडून शिकले. लाली ही धापूबाईची मुलगी, माझ्याहून दीड वर्षाने लहान आणि दसपट हुशार. होळी झाली की धोकाची पानं सगळी गळून गेलेली असतात, डोंगर तांबूस-करडा दिसतो, आणि नेमक्या त्या उघड्या दिवसांत झाडाला छोट्या कुऱ्हाडीने घाव घालतात. घाव म्हणजे खपली काढावी एवढाच, नखाइतका खोल. जास्त खोल गेला तर झाड आजारी पडतं, कमी गेला तर रुसतं. ऊन तापायला लागलं की घावातून डिंक पाझरतो, थेंबाचा खडा होतो, आणि आठवड्याने बायका टोपल्या घेऊन तो खुडायला जातात. पहिला पाऊस पडला की कुऱ्हाड आढ्याला. मग तीन-चार दिवसांत सगळा डोंगर असा हिरवा होतो की काल करडा होता हे सांगून पटत नाही. कुठल्या उतारावर कोणाच्या घराने डिंक काढायचा हे पूर्वीपासून ठरलेलं असायचं. कागद नव्हता, भांडणही नव्हतं. नाल्याकडचा उतार धापूबाईच्या सासरचा. त्या उताराच्या मधोमध एका खडकाला टेकून एक म्हातारं धोकाचं झाड होतं. लाली त्याला नुसतं 'मोटो', म्हणजे थोरला, म्हणायची. बाकीची पाच झाडं मिळून देणार नाहीत एवढा डिंक तो एकटा मोटो द्यायचा, आणि तोही काचेसारखा स्वच्छ.

आता रंगपंचमीकडे येते, कारण सगळा घोटाळा तिथे झाला. जयपुरात रंग खेळतात तो होळीच्या दुसऱ्या दिवशी. संध्याकाळपर्यंत सगळं शहर अंघोळ करून मोकळं होतं आणि तो विषय वर्षभरासाठी संपतो. आम्ही मराठी घरं मात्र त्या दिवशी दारं लावून कोरडी बसायचो आणि पाच दिवसांनी, सगळे आपापल्या कामाला लागलेले असताना, रंग काढायचो. शेजारच्यांना हे कधीच कळलं नाही. आमची घरमालकीण दर वर्षी विचारायची, "आज क्यों? तारीख भूल गए थे क्या?" त्या वर्षी छावणीतल्या शिंदेकाकांनी सुचवलं की शहरात लोकांची बोलणी खाण्यापेक्षा डोंगरात जाऊ या. काका सैन्यात होते, त्यांच्याकडे जीप होती आणि माझ्या वयाच्या दोन मुली होत्या, दोघी मला हरवण्याची एकही संधी न सोडणाऱ्या. अण्णांनी जागा सुचवली, धापूबाईच्या डोंगराखालचा नाला. गाव डोंगराच्या पलीकडच्या अंगाला, आणि त्या दिवशी गावातले सगळे कुठल्याशा लग्नाला गेलेले, असं अण्णांना आधीच कळलं होतं. म्हणजे कोणाला त्रासही नाही.

रंग आईने केला. बाजारच्या रंगांवर तिचा विश्वास नव्हता. धापूबाईने होळीआधी आणून दिलेली पळसाची फुलं तिने आदल्या दिवशी मोठ्या पातेल्यात उकळली, त्यात चिमूटभर चुना टाकला, आणि पाणी असं गडद केशरी झालं की मी हात घालून बघितला तर कोपरापर्यंत रंगले. शेजारच्या शेगडीवर श्रीखंडाची तयारी. वाटीत केशर भिजत घातलेलं, ते श्रीखंडात ओतून झाल्यावर वाटीला लागलेलं राहिलं. वाटी तशीच घासायला टाकणं आईला जमणारं नव्हतं. तिने वाटीत पाणी घातलं, गोल फिरवलं आणि ते रंगाच्या बादलीत ओतलं. "जरा वास तरी येईल," म्हणाली. मी शेजारीच उभी होते. हे वाक्य आणि ती वाटी पुढे एवढी महाग पडेल असं तेव्हा कोणाच्याही मनात आलं नाही.

नाल्यात वाळू होती, थोडं पाणी होतं, करंजाची सावली होती. पुऱ्या, श्रीखंड, बटाट्याची कोरडी भाजी, आणि शिंदेकाकूंनी केलेला कोल्हापुरी तिखटाचा चिवडा, जो खाऊन काका स्वतःच रडले. अण्णांनी निघतानाच सांगितलं होतं, रंग खाली नाल्यात खेळायचा, वर उतारावर जायचं नाही. माझ्या हातात त्यांचा पितळी पंप होता, गुलाबांवर फवारणीसाठी आणलेला, आणि त्याची धार वीस फूट जायची. शिंद्यांच्या मुलींनी मला आधी बादलीने भिजवलं आणि मग हसत उतारावर पळाल्या. आता सांगा, पंधरा वर्षांची मुलगी, हातात भरलेला पंप, समोर पाठ दाखवून पळणाऱ्या दोन वैरिणी. मी गेले वर. त्या झाडांमागे लपायच्या, मी मारायचे, त्या निसटायच्या आणि धार झाडावर बसायची. अशा आम्ही उतारावरून आडव्या गेलो, मोटोला वळसा घातला आणि पलीकडून खाली आलो. पंप कमरेशी धरलेला, त्यामुळे सगळे शिंतोडे कमरेच्या उंचीवर, झाडामागून झाड, जवळजवळ ओळीने. खाली आल्यावर अण्णांनी विचारलं, "वर गेला होतात का गं?" तिघींनी एका सुरात नाही म्हटलं. शत्रुत्व तेवढ्यापुरतं मिटलं.

आठ-दहा दिवसांनी धापूबाई आली, आणि पहिल्यांदाच तिच्या डोक्यावर काही नव्हतं. ती स्वयंपाकघराच्या उंबऱ्याशी बसली. आईने चहा दिला तो तिने बशीत ओतला आणि तसाच ठेवला. मग म्हणाली, "बहनजी, डूंगर बंद होग्यो." आईला वाटलं रस्ता बंद झाला. धापूबाईने समजावून सांगितलं. त्यांच्याकडे जंगल राखायचं असलं की देवीपुढे केशर उगाळतात आणि ते पाणी डोंगरावर झाडाझाडाला शिंपडतात. एकदा केशराचे शिंतोडे पडले की तिथे कुऱ्हाड लावायची नाही, फांदी तोडायची नाही, डिंकाला घाव घालायचा नाही. तीन वर्षं. पोलीस नको, कुंपण नको. कोणी हात लावतच नाही. साधारण सगळ्या गावाच्या विचाराने हे होतं. पण या वेळी लोक लग्नाहून परतले आणि बघतात तो नाल्याकडच्या उतारावर केशर शिंपडलेलं. कोणी शिंपडलं, कोणालाच माहीत नाही. होळी तर कधीच होऊन गेलेली, तेव्हा रंग असणं शक्य नाही. भोपाने, म्हणजे देवीच्या पुजाऱ्याने, खोडाला नाक लावलं आणि सांगितलं, केशरच आहे. मग देवीनेच शिंपडलं असणार. गावातल्या बायकांनी तिथे नारळ फोडला.

"अच्छा हुआ ना फिर?" आई म्हणाली, कारण देवी स्वतः आली तर वाईट काय, असा तिचा सरळ हिशेब. धापूबाईने मान हलवली. देवीचं चांगलंच. पण तो उतार तिचा. नवरा ट्रकवर, चार-चार महिने घरी नाही. उन्हाळ्याचे ते अडीच महिने घर डिंकावर चालायचं. डिंक नाही तर घराला कडी घालून वीटभट्टीवर जायचं, सासू, शेळ्या, मुलगी, सगळ्यांना घेऊन, आणि भट्टीवाल्याचा मुकादम चार दिवसांत माणसं न्यायला येणार होता. लालीची आठवीची परीक्षा वैशाखात. त्या गावातली ती आठवीत बसणारी पहिली मुलगी. धापूबाई रडली नाही. तिने हे सगळं असं सांगितलं जसं कोणी पाहुणे येणार असल्याचं सांगतं. मी शेजारच्या खोलीत भूगोलाचं पुस्तक उघडून बसले होते, आणि पान उलटायचंच विसरले.

दोन दिवस मी काही बोलले नाही. हे लिहिताना मला अजूनही लाज वाटते, म्हणून लिहूनच टाकते: मी दोन दिवस गप्प बसले आणि त्यातला एक दिवस तर बऱ्यापैकी मजेत गेला. दुसऱ्या दिवशी जेवताना आई अण्णांना सांगत होती, "बघा की, देवी सुद्धा बघून बघून त्या बिचारीच्याच रानात आली." तेव्हा माझ्या तोंडातून एकदम निघालं, "देवी नव्हती. मी होते." अण्णांचा घास हातात राहिला. मी पंप, शिंद्यांच्या मुली, झाडं, सगळं सांगितलं. मला वाटलं होतं आई मारेल. ती ताटावरून उठली, हात धुऊन आली आणि म्हणाली, "उद्या सकाळची बस किती वाजता असते हो?"

गावात आम्ही पोचलो तेव्हा पटेलबाबा, म्हणजे गावाचे म्हातारे पुढारी, लिंबाखाली खाटेवर बसले होते. भोपा होता, दहा-बारा माणसं होती, बायका घुंगट ओढून भिंतीशी. धापूबाई आणि लालीही होत्या. अण्णांनी वर्गात शिकवावं तसं समजावून सांगितलं, आमच्याकडे रंगपंचमी असते, ती पाच दिवसांनी येते, हा पळसाचा रंग, फुलांचा, पोरीच्या हातून उडाला, चूक झाली, देवीचा यात काही संबंध नाही. लोक ऐकत होते. कोणीतरी हसलंही. पटेलबाबांनी विचारलं, "केसर कोनी छो?" केशर नव्हतं ना? अण्णा जोरात म्हणाले, "बिल्कुल नहीं." आणि माझी आई, जिला ना कोणी विचारलं होतं ना गप्प राहता आलं, ती मागून म्हणाली, "था की. वाटी में थोडा लगा हुआ था, मैंने धोके डाला."

अण्णांनी आईकडे जे बघितलं ते मी जन्मात विसरणार नाही. पण आईचा नाइलाज होता. देवीच्या बाबतीत खोटं बोलायचं नाही एवढाच तिचा धर्म होता, बाकी कर्मकांडात ती बऱ्याच गाळलेल्या जागा ठेवायची. पटेलबाबांनी बराच वेळ विडी ओढली. मी धापूबाईकडे बघू शकत नव्हते. शेवटी ते म्हणाले, "केसर तो केसर छै. वाटी को हो, चाहे थाळ को." मग त्यांनी निवाडा दिला. ज्या झाडाला शिंतोडा लागला ते झाड बंद. ज्याला नाही लागला ते उघडं. सगळा उतार अडवायचं कारण नाही, कारण देवीने नव्हे, एका छोरीने शिंपडलं आहे, आणि छोरीला ठाऊक आहे कुठे शिंपडलं ते. तिने अनवाणी चालावं आणि झाड न् झाड दाखवावं. दाखवलेल्या झाडाला, ज्याचा उतार आहे त्या घराने, गेरूचा ठिपका लावावा. म्हणजे धापूबाईने.

पुढचं सांगण्याआधी एक सांगून टाकते, नाही तर वाचणाऱ्याचा जीव उगाच टांगणीला लागेल. लालीची परीक्षा झाली. उघड्या राहिलेल्या झाडांचा डिंक कमीच होता, पण शिंदेकाकांच्या पुतणीचं लग्न त्याच वैशाखात होतं आणि काकूंनी हट्टाने सगळ्या पंगती पळसाच्या पत्रावळींवर उठवल्या. त्या पत्रावळी धापूबाई, तिची सासू आणि लाली यांनी रोज दुपारी टाचल्या. परीक्षेनंतर मात्र पंधरा-वीस दिवस त्यांना भट्टीवर जावंच लागलं. ते चुकलं नाही. लाली आज जयपुरातच जगतपुऱ्यात राहते, शाळेत शिकवते, स्कूटर फार जोरात चालवते, आणि मी विद्याधर नगरातून तिच्याकडे गेले की अजून मला "केसरवाळी आई" म्हणून, केशरवाली आली असं ओरडून, हाक मारते. त्या डोंगराच्या पायथ्याला आता फाटक आहे. आत जायला तिकीट लागतं, लोक बिबट्या बघायला जातात. डिंक काढायला मनाई आहे. थंडीत मी लाडू करते ते बाजारच्या डिंकाचे, आणि तो दाताला चिकटतो. आईचं बरोबर होतं.

तर आम्ही उतारावर गेलो. चपला खाली नाल्यात काढून ठेवल्या. पुढे मी, मागे काठी टेकत पटेलबाबा, त्यांच्या मागे मातीच्या परळात भिजवलेला गेरू घेतलेली धापूबाई, आणि मग अण्णा, आई, लाली. ऊन चढलं होतं, दगड तापायला लागले होते, पायात काटे जात होते आणि मला ते काटे बरे वाटत होते. उघड्या झाडांतून वारा जाताना काही आवाज होत नव्हता. खाली कुठेतरी शेळ्यांच्या गळ्यातल्या घंटा वाजत होत्या. रंग वाळून फिकट झाला होता. काही खोडांवर स्पष्ट दिसत होता, काहींवर नाही. पण मला प्रत्येक धार आठवत होती. इथे थोरली लपली होती, इथे धाकटी पडली होती, इथे माझा नेम चुकला. मी बोट दाखवायचे, पटेलबाबा "हूँ" म्हणायचे, धापूबाई बोट गेरूत बुडवून खोडावर टेकवायची. सातव्या-आठव्या झाडानंतर मला कळलं की मी ज्या ज्या झाडाकडे बोट दाखवते आहे ते तिच्या घरातून काढून घेते आहे, आणि ते तिलाच तिच्या हाताने करायला लावते आहे.

मग मोटो आला. समोरून खोड कोरं होतं. खडकाला टेकलेलं, रुंद, जुन्या भरून आलेल्या घावांच्या खुणांनी भरलेलं. मला पक्कं आठवत होतं. वळसा घालताना पंपातलं शेवटचं पाणी फुसफुसत गेलं होतं आणि मागच्या बाजूला, खडकाच्या फटीत, दोन-तीन थेंब उडाले होते. तिथे कोणी बघणार नव्हतं. ते थेंब एवढे लहान होते की त्यांना शिंतोडा म्हणायचं की नाही हाच प्रश्न होता. पटेलबाबांनी काठीने दाखवत विचारलं, "अठै?" इथे? मी म्हणाले, "नहीं."

पटेलबाबा पुढे निघाले. अण्णा निघाले. मीही निघाले, आणि मला केवढं हलकं वाटलं. सकाळपासून पहिल्यांदाच मी कोणाचं तरी काहीतरी वाचवलं होतं. पण धापूबाई मोटोपाशी थांबली. डिंक काढणारी बाई झाडाजवळून गेली की हात फिरवल्याशिवाय जात नाही. साल कुठे उलली आहे, कुठे सुकली आहे, ते बोटांनी बघायची तिची सवय. तिने गेरूचं बोट दुमडून समोरून हात फिरवला, बाजूने फिरवला, मग वाकून खडकाच्या फटीत बघितलं आणि तिथेच थांबली. मी मागे वळून बघत होते. तिच्या पदराचं टोक तिच्याच हातात होतं. एकदा पुसलं असतं तर काही उरलं नसतं, आणि मी कोणाला सांगणार नव्हते हे तिला माझ्या तोंडाकडे बघून कळलं असणारच. तिने पदर सोडून दिला. मग पटेलबाबांना हाक मारली, "बाबा, अठै भी छै."

मी तिथेच रडायला लागले. चांगली मोठ्याने, नाक वाहीपर्यंत. आई पुढे आली, पण धापूबाईने तिला हाताने थांबवलं. परळ खडकावर ठेवला, माझ्याजवळ आली आणि गेरूचा हात लागू नये म्हणून मनगटाने माझे गाल पुसले. "रोवै मत, छोरी," ती म्हणाली. "तू तो रंग खेली छी. बंद तो म्हूँ करूँ छूँ." तू तर रंगच खेळली होतीस; बंद करते आहे ती मी. मग तिने परळ उचलला, बोट बुडवलं आणि मोटोच्या समोरच्या अंगाला, सगळ्यांना दिसेल असा, बाकीच्या झाडांपेक्षा मोठा ठिपका लावला.

मनातल्या मनात मी पुढच्या वाटेवरची आणखी चार झाडं लपवून ठेवली होती. ती चारही मी तिला एकेक करून दाखवली.